शब्दांचे वजन मोजणारी विदुषी

(एका सार्वजनिक वाचनालयाच्या वार्षिक व्याख्यानमालेत दिलेल्या भाषणाचे संपादित शब्दांकन)



निमंत्रणपत्रिकेवर ‘संगणकयुगातील स्त्री’ हा विषय वाचून आपल्यापैकी अनेकांना वाटले असेल की, आज एखाद्या मोठ्या सॉफ्टवेअर कंपनीच्या संचालिकेची यशोगाथा ऐकावयास मिळणार. तसे होणार नाही. आज मी ज्या विदुषीविषयी बोलणार आहे, त्यांनी महाविद्यालयात संगणकाचा अभ्यास केलाच नव्हता. त्यांनी पदवी घेतली ती इतिहासाची. मीही कला शाखेचाच पदवीधर. उभे आयुष्य वृत्तपत्रात गेले. त्यामुळे या निवडीत थोडा पक्षपात आहे, हे आधीच कबूल केलेले बरे.

या विषयाला निमित्त घडले ते आमच्याच इमारतीतले. एके दिवशी वरच्या मजल्यावरचे एक गृहस्थ मुलीला घेऊन माझ्याकडे आले. मुलीला दहावीला ९२ टक्के गुण. तिला कला शाखेला जाऊन संस्कृत आणि इतिहास शिकायचा होता. वडील म्हणाले, “दादा, तुम्हीच हिला दोन शब्द सांगा. आजच्या काळात इतिहास शिकून ही करणार काय?” तिचे मन वळवण्यासाठी मला मध्यस्थ नेमले होते. मी त्या दोघांना चहा दिला आणि कॅरन स्पार्क जोन्स यांची कथा सांगितली. तीच आज जरा विस्ताराने सांगतो.

कॅरनबाईंचा जन्म २६ ऑगस्ट १९३५ चा, इंग्लंडच्या यॉर्कशायरमधील हडर्सफील्ड या कापड गिरण्यांच्या गावचा. वडील ओवेन जोन्स हे रसायनशास्त्राचे अध्यापक. आई आयडा स्पार्क मूळच्या नॉर्वेच्या. दुसऱ्या महायुद्धात नॉर्वे जर्मनीच्या ताब्यात गेला, तेव्हा त्या देशाचे परागंदा सरकार लंडनहून कारभार पाहत होते. आईने त्या सरकारसाठी काम केले. आई आणि वडील या दोघांची आडनावे मुलीने आयुष्यभर लावली, लग्नानंतरही बदलली नाहीत.

१९५३ मध्ये त्या केंब्रिजच्या गर्टन महाविद्यालयात दाखल झाल्या. इथे एक गोष्ट लक्षात घेतली पाहिजे. केंब्रिजसारख्या विद्यापीठाने स्त्रियांना पुरुषांच्या बरोबरीने पूर्ण पदवीचा अधिकार दिला तो १९४८ मध्ये. तोपर्यंत मुली व्याख्यानांना बसत, परीक्षा देत, उत्तीर्णही होत, पण विद्यापीठाच्या पूर्ण सभासद मानल्या जात नसत. कॅरनबाई तेथे पोचल्या तेव्हा या सुधारणेला अवघी पाच वर्षे झाली होती. त्यांनी इतिहास घेतला आणि अखेरचे एक वर्ष तत्त्वज्ञानाला दिले. नंतर काही काळ शाळेत शिकवले. चरित्र इथेच संपले असते, तर कोणाला नवल वाटले नसते.

पण याच सुमारास रॉजर नीडहॅम या तरुण संशोधकाने त्यांची ओळख मार्गारेट मास्टरमन यांच्याशी करून दिली. या मास्टरमनबाई म्हणजे तत्त्वज्ञ विटगेनस्टाइन यांच्या शिष्या. ‘केंब्रिज लँग्वेज रिसर्च युनिट’ हे छोटेसे संशोधन केंद्र त्यांनी विद्यापीठाच्या अधिकृत चौकटीबाहेर, स्वतःच्या हिमतीवर चालवले होते. केंद्राची वास्तूही विलक्षण. पूर्वी तेथे अतिपूर्वेकडील कलावस्तूंचे संग्रहालय होते आणि भिंतींत लहान बुद्धशिल्पे बसवलेली होती. त्या शिल्पांच्या सान्निध्यात छिद्रे पाडलेली कार्डे यंत्रातून फिरवत मंडळी एका प्रश्नामागे लागली होती : शब्दाचा अर्थ यंत्राला कसा कळावा?

यंत्राकडून भाषांतर करवून घेण्याचे ते दिवस. रशियन शब्दाला इंग्रजी शब्द ठेवत गेले की भाषांतर झाले, अशी कित्येकांची भाबडी समजूत होती. मास्टरमनबाईंचे म्हणणे वेगळे होते. एका शब्दाला अनेक अर्थ असतात आणि त्यातला नेमका कोणता हे शेजारच्या शब्दांवरून ठरते. म्हणून शब्द वर्णानुक्रमे न लावता अर्थाच्या कुळांप्रमाणे लावलेला कोश यंत्राला द्यावा. असा कोश इंग्रजीत होता, पीटर रॉजे यांचा, १८५२ मध्ये प्रसिद्ध झालेला.

आणि येथे आपल्या घरची एक गोष्ट येते. अशा प्रकारचे प्रयत्न पूर्वी कोणी केले याचा निर्देश रॉजे यांनी प्रस्तावनेत केला आहे. त्यात सर्वांत जुना म्हणून नाव घेतले आहे ते अमरसिंहाच्या अमरकोशाचे. कोलब्रुक यांनी केलेले त्याचे भाषांतर १८०८ मध्ये श्रीरामपूरहून छापले गेले होते. श्रीरामपूर म्हणजे बंगालमधील, आपले नगर जिल्ह्यातले नव्हे. हे ऐकून टाळ्या वाजवण्याचा मोह होईल, म्हणून पुढचेही सांगतो. रॉजे यांनी अमरकोशाचे वर्गीकरण अत्यंत अपुरे आणि गोंधळाचे ठरवले आहे. त्यांचे मत पटो वा न पटो, उल्लेख आहे तो एवढाच. पूर्वजांच्या कामाचा अभिमान बाळगताना पुरावा जेवढा आहे तेवढाच सांगावा, असे मला पत्रकार म्हणून वाटते. स्वर्गवर्ग, वनौषधिवर्ग असे वर्ग पाठ करणारे आपले आजोबा शब्दांना कुळाप्रमाणे ओळखत होते, इतके मात्र निश्चित.

१९५८ मध्ये कॅरनबाई आणि रॉजर यांचा विवाह झाला. दोघांनी मिळून केंब्रिजजवळच्या कोटन गावात स्वतःच्या हातांनी घर बांधले. एकीकडे विटा, एकीकडे प्रबंध! १९६४ मध्ये बाईंचा प्रबंध पूर्ण झाला. विषय : समानार्थित्व आणि अर्थांचे वर्गीकरण. अर्थाने जवळचे असलेले शब्द यंत्राने स्वतःच्या हिशेबाने कसे एकत्र आणावेत, हा त्याचा गाभा. तो पुस्तकरूपाने छापला गेला १९८६ मध्ये. मधली बावीस वर्षे तो जाणकारांच्या टेबलांवरून फिरत राहिला.

आता त्यांच्या मुख्य कामाकडे वळतो. ते समजावून सांगताना गणिताची भीती घालणार नाही, कारण ती मलाच अधिक वाटते. माझ्या उमेदवारीच्या काळातील एक प्रसंग सांगतो.

मी वृत्तपत्रात लागलो तेव्हा कार्यालयाच्या संदर्भ विभागात कात्रणांची पाकिटे असत. ‘राजकारण’, ‘सहकार’, ‘पाणी’ अशी नावे पाकिटांवर लिहिलेली. एकदा संपादकांनी नारू निर्मूलनावर मजकूर मागितला. तरुण मंडळींना सांगतो, नारू हा पिण्याच्या दूषित पाण्यातून शरीरात शिरणाऱ्या कृमीचा भयंकर रोग. सन २००० मध्ये भारत नारूमुक्त जाहीर झाला. तर मी ‘पाणी’ हे पाकीट उघडले. एक कसले, तशी तेरा-चौदा जाडजूड पाकिटे होती. दुपारभर धूळ खाल्ली. धरणे, टँकर, पाणीपट्टी, मोर्चे, सारे होते. नारू नव्हता. संध्याकाळी विभाग सांभाळणारे वयस्कर गृहस्थ आले, काही न बोलता खालच्या खणातून एक पातळ पाकीट काढून त्यांनी माझ्या हातात दिले. वर लिहिले होते ‘नारू’. आत सहा कात्रणे होती आणि सहाही कामाची होती.

त्या गृहस्थांना जे अनुभवाने ठाऊक होते, ते कॅरनबाईंनी १९७२ मध्ये ‘जर्नल ऑफ डॉक्युमेंटेशन’ या नियतकालिकात अकरा पानांच्या निबंधात हिशेबात बसवले. तोपर्यंत शोध घेताना दोनच गोष्टींकडे पाहत. शब्द लेखात आहे की नाही आणि असला तर किती वेळा. बाई म्हणाल्या, तो शब्द एकंदर संग्रहात किती लेखांत आला आहे, हे मोजा. जो सर्वत्र आढळतो त्याला वजन कमी, जो मोजक्या ठिकाणी आढळतो त्याला अधिक.

समजा, १००० कात्रणे आहेत. ‘पाणी’ हा शब्द ५०० कात्रणांत आला आहे आणि ‘नारू’ फक्त ८ मध्ये. आता हजाराचे निम्मे करत चला. ५०० ला पोचायला एकदा निम्मे करावे लागते, म्हणून ‘पाणी’चे वजन १. आठाच्या जवळ यायला सात वेळा निम्मे करावे लागते, म्हणून ‘नारू’चे वजन ७. कोणी ‘नारू पाणी’ असे दोन शब्द देऊन शोध घेतला, तर यंत्राने कोणत्या शब्दाचे अधिक ऐकावे हे लगेच ठरले. ‘आणि’, ‘आहे’ यांसारखे शब्द जवळजवळ प्रत्येक कात्रणात असतात. त्यांचे वजन शून्याला टेकते आणि ते आपोआप बाजूला पडतात. शब्दाचा अर्थ यंत्राला कळलेला नसतो, तरीही कोणता शब्द नेमका आहे हे कळते. इंग्रजीत याला ‘इन्व्हर्स डॉक्युमेंट फ्रिक्वेन्सी’ म्हणतात. नाव अवघड आहे, गोष्ट वाण्याच्या तागडीइतकी सोपी.

ही सोपी गोष्ट त्यांनी सिद्ध कशावर केली? तीन छोट्या संग्रहांवर, त्यातला एक अवघ्या २०० लेखांचा. अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठात जेरार्ड सॉल्टन यांनी शब्द लेखात किती वेळा आला याचे माप या नव्या मापाशी जोडले. १९७६ मध्ये स्टीफन रॉबर्टसन यांच्यासह बाईंनी या विचाराला संभाव्यतेच्या गणिताचा पाया दिला आणि रॉबर्टसन यांच्या पुढच्या कामातून निघालेले ‘बीएम २५’ हे सूत्र आजही असंख्य शोधप्रणालींत चालते. निबंध छापला तेव्हा सर्वसामान्य माणसासाठी महाजाल अस्तित्वात नव्हते. पुढे वीस-पंचवीस वर्षांनी लेखांची संख्या शेकड्यांवरून अब्जांवर गेली आणि या मापाची खरी गरज जगाला कळली. आजची कृत्रिम बुद्धिमत्तेची यंत्रेसुद्धा उत्तर रचण्याआधी कागदपत्रांतून संदर्भ शोधतात, तेव्हा अनेक ठिकाणी पहिली चाळणी याच घराण्याची असते.

मित्रहो, आता जो भाग सांगायचा आहे, तो सांगताना मला संकोच वाटतो आणि थोडा संतापही येतो. इतके काम करणाऱ्या या विदुषीला विद्यापीठात पक्की जागा होती का? नव्हती. १९६८ ते १९७३ रॉयल सोसायटीची शिष्यवृत्ती, १९७४ पासून केंब्रिजच्या संगणक प्रयोगशाळेत काम, आणि नेमणुका मुदतीच्या, एकापाठोपाठ एक, कोणत्या ना कोणत्या अनुदानावर. अनुदान संपत आले की पुन्हा अर्ज. पती रॉजर नीडहॅम स्वतः मोठे शास्त्रज्ञ. १९८० ते १९९५ या काळात ते त्याच प्रयोगशाळेचे प्रमुख होते. त्यांच्यावर ठपका ठेवण्याचे कारण मला दिसत नाही, पत्नीला या क्षेत्रात आणणारे तेच होते. पण एकाच इमारतीत एक जण प्रमुखपदावर आणि दुसरी मुदतीच्या नेमणुकीवर, हे चित्र डोळ्यांसमोरून हलत नाही. ‘संगणक आणि माहिती’ या विषयाच्या प्राध्यापक म्हणून त्यांची नेमणूक झाली ती १९९९ मध्ये. निवृत्ती २००२ मध्ये. हिशेब आपणच करा.

या सभागृहात तासिका तत्त्वावर शिकवणाऱ्या भगिनी बसल्या असतील. सेट-नेट उत्तीर्ण, विद्यावाचस्पती, आणि दर जूनमध्ये नव्याने अर्ज. त्यांना हे वेगळे समजावून सांगायला नको. केंब्रिजचे नाव मोठे आहे म्हणून तेथे सगळे न्यायाने चालते, असे आपण उगाच धरून चालतो.

आणि तरीही बाईंनी शिकवणे सोडले नाही, हात राखून शिकवले नाही. केंब्रिजमध्ये संगणकीय वाणी आणि भाषा या विषयाचा पदव्युत्तर अभ्यासक्रम सुरू झाला, त्यात त्यांनी वर्षानुवर्षे शिकवले. पदवीच्या विद्यार्थ्यांना माहितीशोधन शिकवले, पीएच.डी.चे विद्यार्थी घडवले. त्यांचा आग्रह एकच असे : तुमची पद्धत चांगली आहे, हे कशावरून? आपणच प्रश्न काढायचे, आपणच उत्तरे तपासायची आणि आपणच पाठ थोपटायची, हे त्यांना मान्य नव्हते. १९७५ मध्ये त्यांनी आणि व्हॅन राइसबर्गेन यांनी एक योजना मांडली. लेखांचा एक मोठा समान संग्रह असावा, समान प्रश्न असावेत आणि सर्वांनी आपापली पद्धत त्यावरच तपासून दाखवावी. तशा स्वरूपात ती योजना ब्रिटनमध्ये उभी राहिली नाही. १९९२ मध्ये अमेरिकेत ‘ट्रेक’ नावाने असा उपक्रम सुरू झाला आणि बाई त्यात उत्साहाने सहभागी झाल्या.

या उपक्रमाचा एक धागा थेट आपल्यापर्यंत येतो. त्याच धर्तीवर २००८ मध्ये भारतात ‘फायर’ हा उपक्रम सुरू झाला आणि त्यात हिंदी, बंगालीबरोबर मराठीही होती. मराठी वृत्तपत्रांतील बातम्यांचा संग्रह करून त्यावर शोधाच्या पद्धती पारखण्यात आल्या. आम्ही घाईघाईने, मुद्रितशोधकाच्या शिव्या खात लिहिलेल्या बातम्यांना असे पुढचे आयुष्य लाभेल, असे कोणाला वाटले होते?

आता पुन्हा आमच्या इमारतीतल्या मुलीकडे. त्या दिवशी ती फारसे बोलली नाही. जाताना म्हणाली, “काका, तो निबंध वाचायला मिळेल?” मी तिला त्याची प्रत दिली. गणित अर्धेच समजेल, असे सांगूनही ठेवले. पंधरा दिवसांनी प्रत परत आली, तेव्हा समासात पेन्सिलीने एक प्रश्न लिहिलेला होता : ‘शिवनेरी, शिवनेरीवर, शिवनेरीचा, शिवनेरीहून, हे एक शब्द धरायचे की चार?’

मी चकित झालो. कारण प्रश्न अगदी वर्मावर होता. इंग्रजीत ‘घरात’ म्हणायला सुटे शब्द लागतात. मराठीत प्रत्यय शब्दालाच चिकटतो, वर सामान्यरूप होऊन मूळ शब्दही बदलतो. ‘पाणी’चे ‘पाण्यात’ होते, ‘गाव’चे ‘गावाला’, आणि ‘पाऊस’चे तर ‘पावसात’. यंत्राने ही सगळी रूपे वेगवेगळी मोजली, तर अगदी साधा शब्दसुद्धा त्याला दुर्मीळ वाटेल आणि कॅरनबाईंचे माप चुकेल. तागडी बरोबर असली तरी धान्य निवडलेले नसेल, तर वजन कसे बरोबर येणार? मराठी शब्दांची ही निवड संगणकाला शिकवायची, तर व्याकरण जाणणारा माणूस लागतो. ज्यांना आपण ‘आर्ट्सवाले’ म्हणून नाके मुरडतो, त्यांचेच हे काम आहे. काही संस्थांतून ते चालू आहे. आयआयटी मुंबईत मराठी शब्दांचे अर्थजाल उभे राहिले आहे. परंतु इंग्रजीच्या मानाने हे काम थोडे आहे, हे आपण मोबाईलवर मराठीत शोध घेताना रोज अनुभवतो.

कॅरनबाईंची एक घोषणा प्रसिद्ध आहे : संगणकाचे क्षेत्र इतके महत्त्वाचे आहे की, ते केवळ पुरुषांच्या हाती सोपवून चालणार नाही. वाक्यात मिस्कीलपणा आहे, तसाच अनुभवही आहे. मान-सन्मान मिळाले, पण बहुतेक उतारवयात. १९९५ मध्ये ब्रिटिश अकादमीचे सदस्यत्व. ही अकादमी मानव्यविद्यांची, विज्ञानाची नव्हे, हे मला फार सूचक वाटते. २००७ मध्ये ब्रिटिश कॉम्प्युटर सोसायटीचे लव्हलेस पदक, ते मिळवणाऱ्या त्या पहिल्या महिला. तोवर कर्करोगाने शरीर पोखरले होते. सन्मानाच्या निमित्ताने द्यायचे व्याख्यान प्रत्यक्ष सभागृहात देता येणार नाही हे दिसू लागले, तेव्हा त्यांनी ते आधीच चित्रित करून ठेवले. ४ एप्रिल २००७ रोजी त्यांचे निधन झाले. ‘न्यू यॉर्क टाइम्स’ने त्यांच्यावर मृत्युलेख छापला तो २०१९ मध्ये, ज्यांची दखल घ्यायची राहून गेली अशा व्यक्तींच्या मालिकेत. तोपर्यंत त्या दैनिकाच्या कचेरीत त्यांच्याच सूत्राच्या आधारे किती वेळा माहिती शोधली गेली असेल!

आपण विचाराल, त्या मुलीचे पुढे काय झाले? तिने कला शाखाच घेतली. वडिलांनी एक अट घातली आहे, संस्कृत आणि इतिहासाबरोबर गणितही घ्यायचे. ती तयार झाली. गणिताला जरा कुरकुरते, असे तिची आई म्हणते. परवा जिन्यात भेटली तेव्हा हातात दामले यांचे व्याकरण होते आणि सामान्यरूपाच्या प्रकरणात खूण घातलेली होती. त्या चार शिवनेरींचे उत्तर माझ्याकडे अजून नाही, असे मी तिला सांगितले. ती म्हणाली, “मी बघते, काका.”